पैसे सारखे वाटा, नावं मात्र खरी लिहा

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला काय समजलं ते आधी सांगतो, म्हणजे कुठे चुकत असेन तर तुमच्या लक्षात येईल. तुम्ही तिघं आहात. तुम्ही चाल लावता आणि गाता, एक मित्र शब्द लिहितो, तिसरा संगणकावर वाद्यांचं प्रोग्रॅमिंग आणि अरेंजिंग करतो, म्हणजे कुठलं वाद्य कुठे काय वाजवेल याचं संयोजन. रेकॉर्डिंगही धायरीच्या त्याच्याच खोलीत होतं. दोन वर्षांत नऊ गाणी झाली, चार बाहेर आली. पोटापाण्यासाठी तुम्ही पेटी-कीबोर्डच्या शिकवण्या घेता, गीतकार कंत्राटी नोकरीत रात्रपाळ्या करतो आणि अरेंजर ऑर्केस्ट्रात वाजवतो. चारपैकी पावसाचं गाणं बरं चाललं आणि आता एका मालिकेच्या निर्मात्याने ते ४०,००० रुपयांना मागितलंय. नेमकं त्याच आठवड्यात अरेंजर म्हणाला, ‘गाणं ओळखलं जातं ते माझ्या मेंडोलिनच्या तुकड्यामुळे, मला संगीतकार म्हणून नाव हवं.’ गीतकार म्हणाला, ‘मला न विचारता माझी ओळ बदलली.’ आणि तुम्ही विचारताय, की पैसे कसे वाटायचे, आणि हे तिघांचं काम पुढे चालवायचं की इथेच थांबवायचं.

४०,०००चा हिशोब अर्ध्या तासात होईल, तो मी खाली मांडून देतो. त्या रकमेमुळे दोन वर्षं दाबून ठेवलेले दोन प्रश्न वर आलेत: तो तुकडा कुणाचा, आणि ती ओळ बदलायची परवानगी कुणी दिली. हे दोन्ही प्रश्न पैसे यायच्या आधीपासून तुमच्या खोलीत होते. पैसे आले म्हणून बोलायला निमित्त मिळालं, एवढंच. पैसे वाटून झाले आणि हे प्रश्न तसेच राहिले, तर पुढचं गाणं होणार नाही.

काही गोष्टी तुमच्या परिस्थितीवर अवलंबून आहेत. निर्मात्याने पाठवलेला कागद मी पाहिलेला नाही. तुम्हाला तिघांना पुढे एकत्र राहायची इच्छा कितपत आहे, हेही तुम्हालाच ठाऊक. कराराचा मसुदा सही करण्याआधी कॉपीराइटचं काम करणाऱ्या वकिलाला दाखवा. त्याची फी तिघांत विभागली तर जड जाणार नाही. मी वकील नाही. गेली चोवीस वर्षं पुण्यात संगीत संयोजन करतोय, आणि त्यातली बरीचशी वर्षं कुणा ना कुणाबरोबर भागीदारीत गेली, त्या अनुभवावरून बोलतोय.

माझी पहिली भागीदारी कशी संपली ते सांगतो, कारण तुमच्या गोष्टीत मला ती दिसली. मी २००१ साली कऱ्हाडहून पुण्याला आलो. रात्री ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवायचो, गणपतीत एका रात्रीचे ४०० रुपये मिळाले तर दिवस चांगला. माझ्या खोलीवर माझ्याच गावचा एक मित्र राहायचा, तो लिहायचा. तीन वर्षांत आम्ही तीस-एक गाणी केली. एकदा एका साडीच्या दुकानाची जाहिरात मिळाली, १२,००० रुपयांत. मी त्याला ४,००० दिले. स्टुडिओचं भाडं, गायिकेचं मानधन, तबलजी, सगळा खर्च वजा करून मला उरले जेमतेम ३,०००. म्हणजे माझ्यापेक्षा त्यालाच जास्त मिळाले होते. पण मी त्याला हिशोब दाखवला नाही. ‘हे तुझे’ म्हणून पाकीट दिलं. महिन्याभराने त्याला दुसरीकडून कळलं, की काम १२,०००चं होतं. तो काही बोलला नाही. भांडला असता तर मी वही काढून दाखवली असती. तो हळूहळू यायचा बंद झाला, मग खोली बदलली, आणि पुढे त्याने लिहिणंही सोडलं. माझ्याजवळ त्याच्या हाताने लिहिलेल्या अकरा कविता आहेत, त्यांना अजून मी चाल लावलेली नाही.

म्हणून तुमचे दोघं बोलले, याचं मला मनापासून बरं वाटलं. जो नाव मागतो त्याला अजून तुमच्याबरोबर नाव लावायचंय. जो ओळीसाठी रागावतो त्याला ते गाणं अजून आपलं वाटतं.

आता मेंडोलिनच्या तुकड्याबद्दल. गाणं आणि रेकॉर्डिंग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि आपल्यातले बहुतेक जण त्यांची सरमिसळ करतात. गाणं म्हणजे शब्द आणि चाल. ते तुम्ही पेटीवर बसून कुठेही म्हणू शकता. रेकॉर्डिंग म्हणजे त्या गाण्याचं एक विशिष्ट रूप: हा आवाज, ही वाद्यं, हा ठेका, हे मिक्सिंग. आपला १९५७चा कॉपीराइट कायदासुद्धा हे वेगळं धरतो. शब्द ही साहित्यकृती, चाल ही संगीतकृती आणि ध्वनिमुद्रण ही तिसरी चीज. संगीतकृतीच्या व्याख्येतून शब्द स्पष्टपणे वगळलेले आहेत. म्हणजे तुमच्या गाण्यात गीतकार शब्दांचा पूर्ण धनी आहे, अर्धा नव्हे. तुम्ही चालीचे धनी आहात. अरेंजरची जागा मात्र कायद्यात धूसर आहे. चालीचं संयोजन करणं हे त्या कृतीचं रूपांतर मानलं जातं, आणि त्याला परवानगी देण्याचा हक्क चालीच्या धन्याकडे असतो.

ही धूसर जागा फार जुनी आहे. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांमागे सेबास्टियन डिसूझा नावाचा गोव्याचा माणूस होता. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस मुंबईच्या स्टुडिओंत वाद्यवृंद बांधायचे. प्यारेलाल त्यांच्याकडे व्हायोलिन शिकले. मुंबईच्या सिनेसंगीताला वाद्यवृंदाची भाषा दिली ती मोठ्या प्रमाणावर या गोवेकरांनी. ज्या प्रस्तावना आणि मधले तुकडे आपण आजही गुणगुणतो, त्यांतले कितीतरी या लोकांच्या हातून कागदावर उतरले. श्रोत्यांना मात्र कित्येक दशकं त्यांची नावं माहीत नव्हती. तुमच्या अरेंजरच्या मनात नेमकी हीच भीती आहे, आणि ती खोटी नाही.

पण प्रत्येक तुकडा रचणारा संगीतकार ठरतो असंही नाही. मी एक कसोटी वापरतो. सगळी वाद्यं बाजूला ठेवा, एक पेटी घ्या आणि गाणं वाजवा. तो तुकडा न वाजवता गाणं पूर्ण वाटतं का? वाटत असेल, तर तुकडा संयोजनाचा, कितीही सुंदर असला तरी. न वाटल्यास, म्हणजे तो गाळला की मुखड्यावर यायला पायरीच उरत नाही असं झाल्यास, तो चालीचा भाग आहे आणि त्याचा कर्ता चालीत भागीदार आहे. ही कसोटी तुम्ही एकट्याने करू नका. तिघं एकत्र बसा, पेटीवर तुम्ही असा आणि निकाल गीतकाराला देऊ द्या, कारण त्याचा त्यात स्वार्थ नाही. तुमच्या वर्णनावरून (तुकडा संपतो त्याच सुरावर मुखडा सुरू होतो, आणि दोन्ही अंतऱ्यांनंतर तो परत येतो) मला वाटतं, तो चालीचा भाग निघेल. तसं झालं तर चाल तुमची आणि त्याची, असं मोकळेपणाने लिहा. वाटा किती? अर्धा-अर्धा असलाच पाहिजे असं नाही. मुखडा आणि दोन्ही अंतरे तुमचे आणि तुकडा त्याचा असेल, तर मी पंचाहत्तर-पंचवीस म्हणेन. तो ‘संयोजन’ म्हणून वेगळं नाव घेतच असेल, तर ते वरून राहीलच.

ही कसोटी बाकीच्या आठ गाण्यांनाही लावा. काहींत त्याचा चालीत काहीच वाटा नसेल, आणि तेही त्याच बैठकीत बोलून टाका. नावाची शिस्त दोन्ही बाजूंनी चालली तरच तिच्यावर विश्वास बसतो.

आता ओळीकडे येतो. इथे तुमची चूक आहे, आणि ती मान्य करण्यात कमीपणा नाही. शब्द बदलायचा हक्क तुम्हाला नव्हता. कायद्याने लेखकाला आपल्या कृतीची मोडतोड झाल्यास आक्षेप घेता येतो, आणि हा अधिकार हक्क विकल्यानंतरही त्याच्याजवळ राहतो. पण कायदा राहू द्या. रात्रपाळी करून सकाळी सातला घरी येऊन झोपायच्या आधी जो माणूस चार ओळी लिहितो, त्याच्यासाठी त्या चार ओळी हाच त्याचा पूर्ण दिवस असतो.

तुम्ही म्हणता, मूळ शब्द चालीत बसत नव्हता, रेकॉर्डिंग रात्री अकराला चाललं होतं आणि तो फोन उचलत नव्हता. असं होतं, माझ्याकडूनही झालंय. त्यावर मी स्वतःसाठी एक पद्धत घालून घेतली आणि ती आता पंधरा-सोळा वर्षं पाळतोय: संगीतकाराने दुखणं सांगायचं, औषध सांगायचं नाही. मी गीतकाराला कधीच ‘इथे अमुक शब्द टाक’ म्हणत नाही. मी म्हणतो, ‘इथे सूर तार षड्जावर, वरच्या ‘सा’वर, जातोय आणि तुझा शब्द ईकारावर संपतोय, गायकाचं तोंड मिटतंय; मला आ किंवा ओ मिळेल का?’ किंवा, ‘समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) जोडाक्षर येतंय, तिथे साधं अक्षर हवंय.’ एवढं सांगितलं की पुढचं काम त्याचं. दहातल्या सात वेळा तो माझ्या डोक्यातल्या शब्दाहून चांगला शब्द घेऊन येतो. उरलेल्या तीन वेळा तो म्हणतो, ‘शब्द हलणार नाही, तू चाल हलव’. मग मी चाल हलवून बघतो. बहुतेक वेळा हलते. गीतकारानेही हेच उलट पाळायचं. ‘इथे तान नको’ असं त्याने म्हणू नये. ‘या तानेत माझं क्रियापद ऐकू येत नाही’ असं म्हणावं.

अरेंजरच्या बाबतीतही हेच लागू. ‘ढोलकी काढ’ म्हटलं की तो दुखावतो. ‘ढोलकी आली की मला लावणीची अपेक्षा तयार होते आणि शब्द तर आजीबद्दल आहेत’, असं सांगितलं की तो स्वतःच दुसरं काहीतरी शोधतो. रात्री अकराला फोन लागला नाही, तर त्या दिवशी मूळ शब्दच गाऊन ठेवायचे. एका ओळीचं डबिंग नंतर वीस मिनिटांत होतं.

आणि एक महत्त्वाचं. कुणी नवी कल्पना मांडली, की ती पूर्ण करून ऐकेपर्यंत कुणी नाही म्हणायचं नाही. अर्धवट ऐकून नाकारलेली कल्पना माणसाच्या मनात सर्वांगसुंदर होऊन राहते, आणि मग दोन वर्षांनी ती भांडणात बाहेर येते.

धडपडणाऱ्या मंडळींचा आणखी एक त्रास असतो. प्रस्थापितांना निर्माता असतो, तारीख असते, कुणीतरी ‘झालं का?’ विचारणारं असतं. तुम्हाला विचारणारं कुणी नाही, म्हणून एकेक गाणं चार-चार महिने घासत बसता, आणि त्या घासण्यात एकमेकांना ओरखडे निघतात. पुणे आकाशवाणीवर १९५५ ते ५६ या वर्षात गदिमा आणि बाबूजींनी गीतरामायणाची ५६ गाणी केली, आठवड्याला एक या वेगाने. ते मोठे होतेच, पण त्यांच्यासमोर प्रसारणाची तारीखही होती. ठरलेल्या दिवशी गाणं वाजणारच आहे म्हटल्यावर शब्द वेळेत हवा, चाल वेळेत हवी आणि रुसवा असला तर तोही वेळेत संपायला हवा. तुम्हाला आठवड्याला एक जमणार नाही, जमवूही नका. पण महिन्याच्या शेवटच्या रविवारी, जसं असेल तसं, एक गाणं चार माणसांसमोर बसून गायचं, एवढी तारीख लावून घ्या. माणसं ओळखीची चालतील, मात्र तिघांपैकी कुणाच्या घरची नकोत.

वेळेच्या बाबतीत आणखी एक गोष्ट तुमच्या प्रश्नात दोन ओळींच्या मध्ये दिसली. तुम्हाला वाटतं, अरेंजर गाण्यांना वेळ देत नाही. तो ऑर्केस्ट्रात वाजवतो, म्हणजे गणपतीपासून नवरात्र संपेपर्यंत तो रात्री दोनच्या आधी घरी येत नसणार. दिवाळीनंतर तुळशीचं लग्न झालं की लग्नसराई. हे महिने त्याचं वर्षाचं भाडं भरतात. त्या काळात त्याच्याकडून मिक्सिंगची अपेक्षा करणं म्हणजे शेतकऱ्याला सुगीत लग्नाला बोलावणं. तुम्ही दोघांनी त्या महिन्यांत शब्द आणि चालींचं काम उरकायचं, फोनवर साधं रेकॉर्ड करून ठेवायचं, टेम्पो लिहून ठेवायचा. आषाढी एकादशीचे अभंगांचे कार्यक्रम आटोपल्यापासून गणपतीच्या तालमी सुरू होईपर्यंत त्याला मोकळीक असते. सगळं रेकॉर्डिंग तेव्हा लावा. गीतकाराच्या पाळीचं वेळापत्रकही भिंतीवर टांगा. माझ्या अनुभवात ‘तो सिरियस नाही’ ही तक्रार दहातल्या आठ वेळा वेळापत्रकाची असते.

आता पैसे. निर्माता तयार रेकॉर्डिंगच वापरणार आहे. तुमच्याच हिशोबाप्रमाणे बासरीवाल्याचे ३,००० अजून द्यायचेत आणि मास्टरिंगचे, म्हणजे रेकॉर्डिंगवरच्या शेवटच्या हाताचे, ६,००० अरेंजरच्या खिशातून गेलेत. हे ९,००० आधी बाजूला काढा. बासरीवाल्याला पहिले द्या. तो तुमच्या तिघांच्या वादात कुठेच नाही. उरले ३१,०००.

काटेकोर हिशोब असा होईल: निम्मे गाण्याचे, निम्मे रेकॉर्डिंगचे. गाण्याचे १५,५०० शब्द आणि चाल यांत अर्धे-अर्धे, चालीच्या ७,७५० मधले पाव अरेंजरचे. रेकॉर्डिंगचे १५,५०० अरेंजर आणि गायक म्हणून तुम्ही यांच्यात. हे करून बघितलं तर गीतकाराला ७,७५० मिळतात आणि तुमच्या दोघांच्या हातात प्रत्येकी त्याहून बरंच जास्त येतं. हिशोब चुकीचा नाही. तरीही मी तुमच्या जागी असतो तर हा हिशोब कागदावर मांडून तिघांना दाखवला असता, आणि मग सरळ सारखे वाटे केले असते: प्रत्येकी १०,३३३, उरलेल्या रुपयाचा चहा.

का, ते सांगतो. तुमच्या नऊ गाण्यांत कुणी जास्त राबलं, कुणी कमी, याची नोंद कुणाकडेच नाही. खोलीचं भाडं आणि वीजबिल अरेंजरने भरलं, गाठीभेटी आणि निर्मात्याशी बोलणी तुम्ही केली, आणि गीतकाराने झोप मोडली. या पातळीच्या रकमेत अचूक वाटणी करायला गेलात तर नोंद नसलेल्या प्रत्येक गोष्टीचा दर ठरवावा लागेल, आणि ते भांडण दोन-तीन हजारांच्या फरकासाठी असेल. सारखे वाटे केले की पैशांचा वाद मिटतो. नावाचं मात्र तसं करू नका. ‘गीत-संगीत-संयोजन: आम्ही तिघं’ असं लिहिणं गोड वाटतं, पण त्यातून पुढे कुणालाच काही सिद्ध करता येत नाही. गीतकाराला उद्या कुणी विचारलं, ‘तू काय केलंस?’, तर त्याच्याकडे दाखवायला स्वच्छ नाव हवं. म्हणून पैसे सारखे आणि नावं खरी. रक्कम लाखांत गेली, किंवा तिघांपैकी एक जण निम्म्या वेळाचा झाला, की हा नियम पुन्हा बसून बदला.

सारख्या वाट्याला आणखी एक कारण आहे, आणि ते अरेंजरसाठी महत्त्वाचं आहे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकार यांचा रॉयल्टीतला वाटा त्यांच्याकडून करारानेही काढून घेता येत नाही. तो फक्त वारसाला किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. म्हणजे गाणं पुढे वाजत राहिलं, तर तुम्हा दोघांना काहीतरी येत राहण्याची शक्यता आहे. नुसत्या अरेंजरला असा आधार नाही. ज्याला पुढे मिळण्याची खात्री कमी, त्याला हातातल्या रोख रकमेत पूर्ण वाटा द्यायला हवा. शिवाय त्या तुकड्यासाठी त्याचं नाव चालीत लागलं, तर तोही या आधाराखाली येईल. तो नाव मागतोय, त्यामागे मानाबरोबर हेही आहे.

निर्मात्याच्या कागदात काय बघायचं, ते थोडक्यात. ‘विकत’ आणि ‘वापरायची परवानगी’ यांतला फरक बघा. परवानगी द्या, ती मालिकेपुरती आणि मुदतीसह. हक्क हस्तांतरित करायचेच असतील तर ते लेखी आणि सहीनिशी हवेत. कागदात मुदत लिहिली नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर भारत धरतो. म्हणूनच तयार मसुद्यांत ‘कायमचे’ आणि ‘संपूर्ण जगासाठी’ असे शब्द आधीच छापलेले असतात. ते खोडायला सांगा. निर्माता हो म्हणेल असं मी सांगत नाही. विचारल्याशिवाय मात्र कुणी खोडत नाही. श्रेयनामावलीत तिघांची नावं, तीही कामानुसार, ही अट पैशांइतकीच ठामपणे घाला. आणि सह्या तिघांच्या. एकाने सही करून दोघांना सांगायचं, हे यावेळी अजिबात नको.

हे झालं की तुम्ही आणि गीतकार इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचं, म्हणजे आयपीआरएसचं, सभासदत्व घ्या. १९६९ पासूनची ही संस्था गीतकार, संगीतकार आणि प्रकाशकांच्या वतीने रॉयल्टी गोळा करते. तिथे गाणं नोंदवताना प्रत्येकाचा वाटा लिहावा लागतो, म्हणजे पेटीच्या कसोटीचा निकाल तिथे कायमचा नोंदला जाईल. गायक म्हणून तुमच्यासाठी इसाम्रा (पूर्वीची इस्रा) ही गायक-वादकांची वेगळी संस्था आहे. स्ट्रीमिंगच्या पैशांवर सध्या डोळा ठेवू नका. स्पॉटिफायवर २०२४ पासून वर्षभरात हजार वेळा न ऐकलेल्या गाण्याला काहीच मिळत नाही, आणि हजारच्या पुढे गेलं तरी ती रक्कम तिघांत वाटावी इतकी व्हायला फार काळ लागतो.

दोन व्यावहारिक गोष्टी. नऊही गाण्यांची मूळ प्रोजेक्ट फाइल आणि प्रत्येक ट्रॅक वेगळा काढून, टेम्पो आणि सूर लिहून, तीन हार्ड डिस्कवर तिघांकडे ठेवा. सध्या सगळं एकाच्या संगणकात आहे. तो माणूस प्रामाणिकच आहे, पण संगणक बंद पडू शकतो, आणि ‘फाइल माझ्याकडे आहे’ या वाक्यात न बोलता एक धमकी तयार होते. त्याच्या मनात नसली तरी बाकीच्यांना ऐकू येते. ज्या चॅनेलवर गाणी टाकता ते तुमच्या ईमेलवर आहे, त्याचा पासवर्डही तिघांकडे जायला हवा.

दुसरी गोष्ट, तिघांनी मिळून घेतलेल्या नावाची. कुणी बाहेर पडलं तर ते नाव कुणाचं? राम-लक्ष्मण हे नाव दोघा संगीतकारांचं होतं. त्यातले राम लवकर गेले आणि लक्ष्मण, म्हणजे विजय पाटलांनी, पुढे कित्येक वर्षं काम केलं ते दोघांच्या नावानेच. लक्ष्मीकांत १९९८ मध्ये गेले, तरी प्यारेलाल यांनी जोडनाव सोडलं नाही. ती प्रेमाची आणि विश्वासाची गोष्ट होती. तुमच्यात तेवढा विश्वास असेल तर उत्तमच, तरी एका ओळीत लिहून ठेवा: कुणी गेलं तर नाव उरलेल्यांचं, पण जुन्या गाण्यांवरचं जाणाऱ्याचं नाव कधीही पुसायचं नाही. हे कागद स्टॅम्प पेपरवर हवेत असं नाही. साध्या कागदावर, तारखेसह, तिघांच्या सह्या, आणि प्रत्येकाकडे एक प्रत.

थांबवायचं की चालवायचं, हे मी सांगू शकत नाही. एवढं सांगतो, की हा निर्णय निर्मात्याला भेटायच्या आधी घेऊ नका, आणि पैसे आलेल्या आठवड्यातही घेऊ नका. वर सांगितलेली पेटीची बैठक घ्या. त्या बैठकीत पहिला विषय पैशांचा नको, ओळीचा घ्या, कारण माफी मागायची आहे ती तुम्हाला आणि ती सर्वात सोपी आहे.

त्या ओळीबद्दल मी थोडं करून बघितलं. त्याचं होतं ‘तुझ्या ओसरीशी थांबला पाऊस’, तुम्ही केलं ‘तुझ्या दारापाशी थांबला पाऊस’. चाल दादऱ्यात, म्हणजे सहा मात्रांच्या तालात. या जागी तालाच्या दोन फेऱ्यांच्या, म्हणजे दोन आवर्तनांच्या, १२ मात्रांतल्या ११ शब्दांना आणि एक श्वासाला. ‘तुझ्या दारापाशी’च्या ११ भरतात, ‘तुझ्या ओसरीशी’च्या १०, म्हणून ते तुम्हाला तोकडं वाटलं. पण ‘दारापाशी’ घेतलं की ‘रा’ हे अक्षर पहिल्या आवर्तनाच्या शेवटच्या मात्रेवर सुरू होऊन पुढच्या समेवर लोंबतं. रेकॉर्डिंगमध्ये तिथे तुमचा आवाज किंचित अडखळतो, ते याचमुळे. शिवाय दार कुणाचंही असतं. ओसरी त्याच्या गावच्या घराची आहे, तुम्हीच लिहिलंय.

मूळ ओळ अशी गाऊन बघा: ‘तुझ्या’च्या तीन मात्रा, मग चौथ्या मात्रेला, म्हणजे दादऱ्याची ‘खाली’ येते तिथे, ‘ओ’ धरा आणि आवर्तन संपेपर्यंत तीन मात्रा सोडू नका. मग समेवर ‘सरीशी’. पद मध्येच लांबतं, हे खरं. गीतकार कदाचित म्हणेल की शब्द तुटला. पण त्या लांबण्यातून ‘सरी’ वेगळी ऐकू येते, आणि पावसाच्या गाण्यात मला ते आवडलं. श्वास न तोडता, त्याच्यासमोर गाऊन दाखवा. ठेवायचं की नाही, ते त्याला सांगू द्या.